दर सेकंदाचं नुकसान

३ फेब्रुवारी, मंगळवार

रोज दहा ओळी हाताने लिहा, असं व्यायामवाल्या बाईंनी बजावलं आहे. प्लास्टर निघून आठवडा झाला तरी उजवं मनगट दुसऱ्या कुणाचं तरी असल्यासारखं वागतं. चौतीस वर्षं फळ्यावर गणित लिहिलं आणि आता माझा पाच आणि सहा मलाच ओळखू येत नाही. काय लिहू विचारलं तर म्हणाल्या, मनात येईल ते. म्हणून ही वही. कुणी वाचणार नाही, तेव्हा खरं लिहायला हरकत नाही.

खरं म्हणजे मी कंटाळले आहे. रबरी चेंडू दाबून दाबून त्याचा आणि माझा दोघांचाही जीव गेला आहे. सून पाण्याच्या प्रयोगशाळेत काम करते, दुपारी तीनला घरी येते. संध्याकाळी सहा ते साडेसात ती टीव्हीसमोर बसून लोखंडी राक्षसांची मारामारी खेळते. लग्नाला सहा वर्षं झाली, तेव्हापासून मी त्यावर नाक मुरडत आले. आज तिने कंट्रोलर माझ्याच हातात ठेवला. "आई, चेंडूपेक्षा हे बरं. दहाही बोटं चालतात."

दहाच्या वर ओळी झाल्या. पुरे.

५ फेब्रुवारी, गुरुवार

खेळ असा. दोन मजली उंच यंत्र, त्याच्या पोटात बसून ते चालवायचं. खेळणारे त्याला मेक म्हणतात, मी यंत्रच म्हणते. तीन विरुद्ध तीन, डाव आठ मिनिटांचा. यंत्र पडलं की त्या डावापुरतं बाद. समोरच्याचं जेवढं नुकसान कराल तेवढा आकडा शेवटी तुमच्या नावासमोर येतो. नुकसान वाढलं की आनंद मानायचा, हे मला पचायला दोन दिवस लागले.

आमचा तिसरा गडी म्हणजे आपला कोपऱ्यावरचा बेकरीवाला. गेली वीस वर्षं मी त्याच्याकडून पाव घेते, आणि हा माणूस दुकानामागच्या खोलीत बसून तोफा डागतो याचा मला पत्ता नव्हता. सून माईकमध्ये म्हणाली, "आजपासून सासूबाई पण आहेत." पलीकडून आवाज आला, "नमस्कार बाई. डावीकडे बघा, तुम्हाला मारतायत."

मी आज नव्वद नुकसान केलं आणि चार वेळा भिंतीत अडकले.

८ फेब्रुवारी, रविवार

आज मजा आली. कितीतरी दिवसांनी हा शब्द लिहिते आहे.

बेकरीवाला म्हणतो, हलकी बंदूक घ्या, सगळे तीच घेतात, सेकंदाला अठ्ठेचाळीस नुकसान. मोठी तोफ सेकंदाला चाळीसच. वर्गात कुणी असं उत्तर दिलं असतं तर मी त्याला फळ्यापाशी उभं केलं असतं. शाळेच्या क्रीडादिनाचं जुनं स्टॉपवॉच काढलं आणि सरावाच्या मैदानात दोन्ही चालवून बघितल्या. हलकी बंदूक गोळीला चोवीस, सेकंदाला दोन गोळ्या, हे खरं. पण सहा सेकंदांत ती तापते आणि चार सेकंद गप्प बसते. म्हणजे दहापैकी सहाच सेकंद काम. शिवाय समोरचं चिलखत प्रत्येक गोळीमागे दहा खातं. चोवीसाचे राहिले चौदा. हिशेब केला तर सेकंदाला सतरासुद्धा पडत नाहीत. तोफेचा गोळा एकशे ऐंशीचा, साडेचार सेकंदांनी एक, तापत नाही. दहा वजा केले तरी सेकंदाला जवळजवळ अडतीस. दुपटीच्या वर.

बेकरीवाल्याला हे ऐकवलं. तो म्हणाला, "बाई, मी तीन वर्षं ती बंदूक वापरतोय." आवाज अगदी केविलवाणा होता. सून हसून हसून सोफ्यावरून घसरली.

१४ फेब्रुवारी, शनिवार

शनिवारच्या स्पर्धेत आमचा पहिला सामना. जिंकलो! माझे नऊ हजार दहा, बेकरीवाल्याचे पाच हजार शंभर, सुनेचे चौदाशे वीस. म्हणजे तिघांच्या एकूण नुकसानात शेकडा अठ्ठावन्न माझं. दहा दिवसांपूर्वी मला कंट्रोलर उलटा धरला तरी कळत नव्हतं. गणित पक्कं असलं की बाकीचं आपोआप जमतं, हे मी मुलांना उगाच नाही सांगितलं.

सुनेचं यंत्र मात्र याही वेळी सर्वांत आधी पडलं. मी विचारलं, तुझं असं का होतं गं सारखं. म्हणाली, "होतं खरं."

१६ फेब्रुवारी, सोमवार

सुनेला कार्यालयातून पत्र आलं आहे. दुसऱ्या गावी नवी प्रयोगशाळा उघडते आहे, तिथली प्रमुख म्हणून तिला बोलावलं आहे. बसने सात तास. अठ्ठावीस तारखेपर्यंत उत्तर द्यायचं. पत्र आठवडाभर तिच्या पिशवीतच होतं, मला आज चष्मा शोधताना दिसलं.

मी विचारलं, "जाणार ना?"

"बघू, आई."

यात बघायचं काय आहे? माझ्या वेळी मुख्याध्यापकपद चालून आलं असतं तर मी धावत गेले असते. हुशार आहे, हाताला चव आहे, पाण्याच्या थेंबात काय आहे ते डोळे मिटून सांगेल, पण पुढे घुसायची वृत्ती नाही. काल रविवारी माझा मुलगा जहाजावरून बोलला तेव्हा तिचं त्याच्याशी स्वयंपाकघरात बराच वेळ चाललं होतं. त्याला तरी तिने सांगितलं की नाही कोण जाणे. बाहेर आली तेव्हा डोळे लाल. विचारलं तर डोळ्यात साबण गेला म्हणाली. भांडी जरा जपून घासावीत.

जानेवारीत माझ्यासाठी दिवसभराची बाई ठेवायचं चाललं होतं. ती एकदाच आली, माझ्याकडे बघून गेली, परत फिरकली नाही. मी वटारलेले डोळे बघूनच पळाली असणार. बरं झालं. मला कुणाची गरज नाही.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

आज सुनेचा वर्ग घेतला. कागदावर तक्ता काढला, तिचा आकडा लाल शाईने. तिच्या यंत्रावर चारही बाजूंनी जाड पत्रे आणि एक चिमुकली बंदूक. म्हटलं, "तू लोखंडाचं कपाट घेऊन फिरतेस. पुढचे पत्रे काढ, तोफ लाव. तुझं नुकसान सहज दुप्पट होईल."

ती तक्ता वाचत राहिली. मग म्हणाली, "तुम्हाला चालेल ना, आई?"

"मला काय होतंय?"

तिने पत्रे उतरवले. उतरवताना जुनी रचना नाव देऊन जपून ठेवली, हे मी पाहिलं. माझ्यावर विश्वास नाही असं वाटून थोडा राग आला. मला वाटलं, खेळात जरा धीट झाली तर त्या पत्राचंही उत्तर देईल.

२१ फेब्रुवारी, शनिवार

हरलो. मी पन्नासाव्या सेकंदाला पडले. नुकसान तेराशे साठ.

सुनेचं खरोखरच दुप्पट झालं, दोन हजार नऊशे. तरी दोन मिनिटांत तिघंही आडवे. मी बेकरीवाल्याला बोलले, तुम्ही उजवी बाजू उघडी टाकलीत. तो म्हणाला, "बाई, आपण उद्या बोलू. पाव करपतायत." संध्याकाळी साडेसहाला कोण पाव भाजतं?

सुनेने चहा केला आणि माझ्या कपाचा कान डावीकडे वळवून समोर ठेवला.

२२ फेब्रुवारी, रविवार

सकाळपासून हिशेब मांडते आहे. गेल्या शनिवारी नऊ हजार दहा, भागिले मी टिकले ते तीनशे चाळीस सेकंद: साडेसव्वीस. काल तेराशे साठ भागिले पन्नास: सत्तावीस. म्हणजे दर सेकंदाचा माझा आकडा वाढला आणि आम्ही हरलो. भागाकार तीनदा तपासला. चूक नाही.

मग सून बाजारात गेली तेव्हा गेल्या शनिवारच्या सामन्याचं चित्रीकरण लावलं. खेळात ते साठवलेलं असतं. मी आजवर माझे गोळेच मोजत होते. आज पहिल्यांदा माझ्यावर आलेल्या गोळ्या मोजल्या, पाच-पाचच्या जुड्या काढून. त्या तीनशे चाळीस सेकंदांत एकशे बारा. त्यातल्या मला लागल्या एकोणीस. बारा खडकांवर गेल्या. एक्याऐंशी सुनेच्या यंत्रावर.

पुन्हा पाहिलं. मी डावीकडे गेले की ती डावीकडे जाते. मी पुढे घुसले की ती धावत माझ्याही पुढे येते. पाचव्या मिनिटाला मी भिंतीत अडकले आहे, गोलगोल फिरते आहे, आणि ती माझ्याकडे पाठ करून उभी आहे. तिचे पत्रे एकेक करून गळतायत. मी सुटेपर्यंत ती हलली नाही. मी सुटले आणि लगेच तोफ डागली. त्या गोळ्याचे एकशे सत्तर मी माझ्या नावावर लिहून ठेवले आहेत.

मी नुकसानाला सेकंदांनी भागत बसले. सेकंद कुठून आले ते विचारलंच नाही.

मला फार लाज वाटली. चौतीस वर्षांत कधी फळ्यावर चूक केली नाही असं मी सांगत आले.

संध्याकाळी मुलाचा फोन आला तो मीच उचलला आणि बाल्कनीत गेले.

"तिच्या पत्राबद्दल तू तिला काय म्हणालास?"

"काहीच नाही, आई. एवढंच म्हटलं की तुला एकटं ठेवून चालणार नाही. मनगट आहे, बाथरूममध्ये पडलीस ते आहे. मी काय, ऑगस्टपर्यंत पाण्यावर. मी तर दिवसभराची बाई ठेवत होतो, तीच नको म्हणाली. म्हणाली, आईंना परक्या माणसाने आंघोळ घातलेली सहन होणार नाही, मी सकाळची पाळी घेते, दुपारी येऊन मीच घालेन."

मला वाटत होतं तिला सकाळची पाळी आवडते. पहाटे सहाला निघते ती.

"आणि तिची बढती?"

"ती म्हणाली, मला जायचंच नाही."

"तू विचारलंस, की सांगितलंस?"

इंजिनाच्या घरघरीतून म्हणाला, "आई, इथून मी काय करू सांग." माझंच पोर. वाईट नाही. त्यालाही आकडे दिसतात तेवढेच दिसतात.

२३ फेब्रुवारी, सोमवार

बेकरीत गेले. काउंटरवर तो एकटाच होता. म्हटलं, "शनिवारी तुम्हाला उगाच बोलले."

त्याने पाव कागदात गुंडाळला आणि गाठ मारत बसला. "बाई, ती समोर असायची म्हणून आपल्या दोघांचं चालायचं. मला माहीत होतं. तिने सांगितलं होतं, आईंना सांगू नका, त्या खुशीत आहेत, हात पण चालायला लागलाय."

"आणि तुम्ही ऐकलंत?"

"तुम्ही खुशीत होतात ना खरंच."

घरी येऊन सुनेला सरळ विचारलं, तुला जायचंय का. "बघू, आई." तिला अजून दहादा विचारलं तरी ती हेच म्हणणार. मी म्हटलं जा, तर म्हणेल तुमचं काय. मी म्हटलं माझं मी बघेन, तर ते मी डिसेंबरातही म्हटलं होतं आणि दुसऱ्या दिवशी पडले होते. तिला पटेल असा पुरावा हवा. पाच दिवस आहेत.

२५ फेब्रुवारी, बुधवार

तोफ उतरवली. पत्रे चढवले. सून कामावर गेली की अनोळखी माणसांबरोबर खेळते, माझ्यापुढे कुणी नाही. काल एक मिनिट दहा सेकंद टिकले. आज सकाळी दोन चाळीस, मग तीन पाच. खडकामागे उभं राहायला शिकते आहे. मला वाटायचं लपणं म्हणजे भित्रेपणा. लपायला फार डोकं लागतं.

व्यायामवाल्या बाईंकडे आज एकटी गेले, बसने. सुनेने रजा टाकली होती ती रद्द करायला लावली. पायरी चढताना डाव्या हाताने दांडा धरला. चालक थांबला, घाई केली नाही. मुरंब्याच्या बरणीचं झाकण मात्र उघडलं नाही. बरणीशी अर्धा तास झटापट केली आणि चिडून रडले. मग झाकणाला रबर गुंडाळलं तर उघडलं. सगळं लिहून ठेवते आहे.

२७ फेब्रुवारी, शुक्रवार

आज अकरा वाजून वीस मिनिटांनी आठ मिनिटं पूर्ण झाली आणि माझं यंत्र उभं होतं. एक हात तुटला होता, धूर येत होता, पण उभं होतं. मी खुर्चीतून उठून टीव्हीसमोर उभी राहिले.

तीनला सून आली. तिने चप्पल काढायच्या आत तिच्या हातात कागद दिला.

"हे काय, आई?"

"वाच."

"तुमचं डॅमेज किती कमी झालंय. सहाशे?"

"तो रकाना नको. पुढचा."

पुढच्या रकान्यात टिकल्याची वेळ. एक दहा, दोन चाळीस, तीन पाच, चार पन्नास, साडेसहा, आठ. त्याखाली वेगळी यादी. बस, एकटी, जमलं. झाकण, रबराने, जमलं. आंघोळ, स्टूल आणि भिंतीचा दांडा, जमलं. केस विंचरणे, अर्धं.

ती दारातच उभी राहून वाचत होती. पिशवी खांद्यावर तशीच.

"केस अर्धेच?"

"या वयात अर्धे चालतात."

"आणि पडलात तर?"

"बेकरीवाल्याकडे किल्ली दिली आहे. तो रोज सकाळी सातला पाव घेऊन बेल वाजवणार. मी दार उघडलं नाही तर तो उघडणार. आठवड्यातून दोनदा ती दिवसभराची बाई येईल. तिला मी फोन केला. डोळे वटारणार नाही असं कबूल केलं आहे."

मी तिला सांगितलं की मी ते चित्रीकरण पाहिलं, एक्याऐंशी मोजल्या. सांगितलं की तुझा आकडा लाल शाईने लिहिला ती माझी चूक होती. हे तोंडाने म्हणायला मला फार जड गेलं, पण म्हटलं. तिने कागद छातीशी धरला आणि रडायला लागली, आणि मग मीही. साबण गेला असं दोघींपैकी कुणी म्हटलं नाही.

"तुला जायचंय का?" मी पुन्हा विचारलं.

"फार," ती म्हणाली.

२८ फेब्रुवारी, शनिवार

साडेदहाला सुनेने उत्तर पाठवलं. स्पर्धेत तिसरे आलो. बेकरीवाल्याने केक पाठवला, त्यावर तोफ काढली होती. ती पंपासारखी दिसत होती.

१६ मार्च, सोमवार

काल सून गेली. बस सुटेपर्यंत मी व्यवस्थित होते. घरी येऊन पाहिलं तर तिने घरातल्या सगळ्या बरण्यांची झाकणं सैल करून ठेवली होती. त्यानंतरचं लिहीत नाही.

२१ मार्च, शनिवार

आज तिघं तीन ठिकाणांहून खेळलो. सुनेचा आवाज दमलेला होता. नव्या ठिकाणी हाताखालचे लोक तिचं ऐकत नाहीत, पहिल्याच आठवड्यात प्रयोगशाळेतलं एक यंत्र बिघडलं, ती रोज आठ वाजेपर्यंत तिथेच असते. "आज मी नाही खेळले तर चालेल ना? हात सुन्न झालेत," म्हणाली. मी म्हटलं, "तू तोफ घे. आणि माझ्याकडे बघू नकोस, समोर बघ."

ती उजवीकडे गेली की मी उजवीकडे गेले. ती पुढे घुसली तेव्हा धावताना माझी दमछाक झाली, पण पोचले. सातव्या मिनिटाला माझा शेवटचा पत्रा गळला आणि मी बाद. बाद झाल्यावर खेळ बघता येतो. ती एकामागून एक गोळे टाकत होती आणि मोठ्याने हसत होती. इतकं हसताना मी तिला सहा वर्षांत ऐकलं नव्हतं.

सून आठ हजार आठशे चाळीस. बेकरीवाला चार हजार नऊशे, नवी तोफ. मी आठशे दहा.

२२ मार्च, रविवार

मुलाचा फोन. सुनेने त्याला कालच्या आकड्यांचा फोटो पाठवला होता, भलताच खूश होता. "आई, बघितलंस का? साडेआठ हजारांच्या वर! आणि तुझे आठशे? गणिताच्या बाई ना तुम्ही? जरा सुधारा की."

"बघू," म्हटलं.